खुलासा समाधानकारक नाही

रास्त भाव दुकानाचं प्राधिकारपत्र रद्द करणारा आदेश बहुतेक वेळा दोन पानांत आटोपतो. वर संदर्भांची यादी, मग तहसीलदारांच्या तपासणी अहवालाचा गोषवारा, मग कारणे दाखवा नोटीस बजावल्याची तारीख, आणि शेवटून दुसऱ्या परिच्छेदात ठरलेलं वाक्य : 'दुकानदार यांनी सादर केलेला खुलासा समाधानकारक नाही.' त्याच्या खाली थेट आदेश. प्राधिकारपत्र रद्द, अनामत रक्कम सरकारजमा. खुलाशात काय म्हटलं होतं आणि ते का पटलं नाही, याबद्दल एक ओळ सापडत नाही.

महसूल खात्यातली माझी बरीचशी नोकरी पुरवठा शाखेत गेली. आधी तालुक्याला, मग जिल्ह्याला, आणि शेवटची वर्षं विभागीय आयुक्त कार्यालयात. तिथे उपायुक्त (पुरवठा) यांच्यासमोर चालणाऱ्या अपिलांच्या फायली माझ्या टेबलावरून जात. आदेश तयार कसा होतो ते मी तालुक्यात पाहिलं होतं. अपिलात तो कसा ढासळतो ते इथे पाहिलं. ढासळलेल्या आदेशांत असे कितीतरी होते, जिथे दुकानदार स्वच्छ होता म्हणून नव्हे, तर त्याचं धड ऐकलंच नव्हतं म्हणून आदेश गेला. याचा मला आजही राग येतो. कारण असा आदेश रद्द झाला की माप मारणारा माणूस पुन्हा त्याच वजनकाट्यामागे जाऊन बसतो, आणि ज्यांनी धीर करून तक्रार केली, त्यांना धान्यासाठी त्याच्याच दारात उभं राहावं लागतं.

रेशन दुकानदाराबद्दल लोकांच्या मनात सहानुभूती नसते आणि ती का नसते हे मला ठाऊक आहे. अंत्योदय कार्डावर महिन्याला ३५ किलो धान्य मिळायला हवं, प्राधान्य कुटुंबाला माणशी ५ किलो. दर कार्डामागे दोन-दोन किलो कमी मापणारे, पावती न देणारे, मशीनवर अंगठा घेऊन 'धान्य उद्या न्या' म्हणणारे दुकानदार मी पाहिले आहेत. अशांची दुकानं काढून घ्यायलाच हवीत. पण काढून घ्यायची ती अशी, की पुढे कुणाला ती परत देता येऊ नयेत.

ही दुकानं महाराष्ट्रात १९७५ च्या अनुसूचित वस्तू (वितरणाचे विनियमन) आदेशाखाली चालतात, आणि त्या आदेशामागे १९५५ चा जीवनावश्यक वस्तू कायदा आहे. तालुक्याचा पुरवठा निरीक्षक किंवा नायब तहसीलदार तपासणी करतो, तहसीलदार अहवाल पाठवतात, जिल्हा पुरवठा अधिकारी निर्णय घेतात. त्यावर अपील उपायुक्तांकडे आणि पुढे पुनरीक्षण अर्ज मंत्र्यांकडे. मुंबई-ठाण्याच्या शिधावाटप क्षेत्रात नियंत्रकांची यंत्रणा वेगळी. १९५५ च्या कायद्यात कलम ६-ब आहे. पकडलेलं धान्य सरकारजमा करायचं असेल, तर कारणांची लेखी नोटीस द्या, लेखी म्हणणं मांडू द्या आणि वाजवी संधी देऊन ऐकूनही घ्या, असं ते कलम सांगतं. चार पोती तांदूळ सरकारजमा करण्याआधी कायदा इतकी काळजी घ्यायला लावतो. मग एखाद्या घराचं रोजचं उत्पन्न बंद करताना आपण एका ठरलेल्या वाक्यावर भागवायचं, हे मला कधीच पटलं नाही.

भागवलं जातं त्यामागे एक जुनी समजूत आहे : परवाना म्हणजे सरकारची मेहेरबानी, दिली तशी काढून घेतली, त्यात विचारायचं काय? या समजुतीला एके काळी मोठ्या न्यायपीठाचा आधारही होता. सिलोनमध्ये वस्त्रनियंत्रकाने नक्कुडा अली या कापड व्यापाऱ्याचा परवाना रद्द केला. प्रकरण लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलपर्यंत गेलं आणि १९५० साली तिथे ठरलं, की परवाना काढून घेणं म्हणजे फक्त दिलेली सवलत मागे घेणं. त्यासाठी न्यायाधीशासारखं वागण्याचं बंधन नियंत्रकावर नाही. पुढे १९६३ मध्ये ब्रायटनच्या बडतर्फ मुख्य पोलीस अधिकाऱ्याच्या खटल्यात, रिज विरुद्ध बाल्डविनमध्ये, लॉर्ड रीड यांनी ही विचारसरणीच मोडीत काढली. आपल्याकडे १९६९ च्या क्रैपाक निकालाने प्रशासकीय काम आणि न्यायिक स्वरूपाचं काम यांच्यातली भिंत जवळजवळ पाडली, आणि १९७८ च्या मनेका गांधी निकालानंतर तर शंकेला जागाच उरली नाही. कायदा इतका पुढे निघून गेला, तरी तालुक्याच्या कचेरीत नक्कुडा अलीचा वस्त्रनियंत्रक अजून बसलेला मला दिसत असे.

माझं स्पष्ट मत असं आहे, की प्रकरणाचं बरंवाईट नोटिशीतच ठरतं. लोक सुनावणीबद्दल बोलतात, निकालाबद्दल बोलतात; नोटीस मात्र कुणी नीट वाचत नाही. एक नोटीस मला अजून जशीच्या तशी आठवते. तपासणीत खालीलप्रमाणे दोष आढळून आले : साठ्यात तफावत आहे, नोंदवह्या अद्ययावत नाहीत, कार्डधारकांच्या तक्रारी आहेत, दुकानाबाहेर फलक नाही. तरी आपलेवर कारवाई का करण्यात येऊ नये, याचा खुलासा तीन दिवसांत सादर करावा. साठा कुठल्या धान्याचा? तफावत किती? तक्रार कुणाची, कुठल्या महिन्याची? कारवाई म्हणजे दंड, निलंबन की रद्द? यातलं काही नाही. सोबत पंचनाम्याची प्रतही नाही. दुकानदाराने अर्ज लिहून देणाऱ्याकडून अर्धं पान लिहून आणलं : 'सर्व आरोप मला मान्य नाहीत, मी नियमाप्रमाणे दुकान चालवतो.' आणि आदेशात तेच ठरलेलं वाक्य उतरलं. नोटीस मोघम असेल, तर खुलासा मोघमच येणार. मग तो समाधानकारक नाही असं लिहायला फार विचार करावा लागत नाही.

हे प्रकरण अपिलात आलं तेव्हा उपायुक्त साहेबांनी पंचनामा मोठ्याने वाचला. तांदळाची पुस्तकी शिल्लक बारा क्विंटल, प्रत्यक्ष साडेनऊ. समोर उभा असलेला दुकानदार म्हणाला, "साहेब, तांदूळ कमी भरला हे मला आज कळतंय. नोटिशीत गहू का तांदूळ, काहीच नव्हतं." मग त्याने पिशवी उपसली. आत बिलं होती, कार्डांच्या झेरॉक्स होत्या, कुठल्याशा लग्नाची पत्रिकाही होती. त्यातून घडी पडलेला एक कागद निघाला. द्वारपोच वाहतुकीच्या गाडीची पोहोच. गाडी वाटेत बंद पडली होती. तांदळाची पाच पोती राहिली, ती दुसऱ्या दिवशी दुसऱ्या गाडीने आली. मशीनवर मात्र सगळ्या मालाची नोंद पहिल्याच दिवशी झालेली. निरीक्षक तपासणीला आले ते नेमके मधल्या वेळात. पन्नास किलोची पाच पोती म्हणजे अडीच क्विंटल. तफावत तेवढीच होती. गोदामपालाकडून आणि वाहतूकदाराकडून खातरजमा करून घेतली, तारखा जुळल्या. 'तांदूळ, अडीच क्विंटल' एवढे शब्द नोटिशीत असते, तर तो कागद पहिल्याच आठवड्यात जिल्ह्याच्या टेबलावर आला असता. तोवर गावाचं दुकान शेजारच्या गावाला जोडलेलं होतं आणि डोक्यावर धान्य घेऊन बाया ओढा ओलांडून येत-जात होत्या.

चांगली नोटीस कशी असते तेही मी पाहिलं आहे, आणि ती काही अवघड गोष्ट नाही. तपासणीची तारीख, धान्याचा प्रकार, पुस्तकी शिल्लक, प्रत्यक्ष शिल्लक, कुठल्या अटीचा भंग झाला तो खंड, पंचनाम्याच्या आणि जबाबांच्या प्रती, आणि दोष सिद्ध झाल्यास प्राधिकारपत्र रद्द होऊ शकेल असं स्पष्ट वाक्य. हे शेवटचं वाक्य फार महत्त्वाचं. काळ्या यादीत टाकण्याच्या संदर्भात गोरखा सिक्युरिटी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये हेच सांगितलं : कोणती कारवाई योजली आहे हे नोटिशीतून कळलं पाहिजे. किरकोळ दंड होईल असं वाटणारा माणूस वेगळा खुलासा देतो आणि दुकान जाणार हे कळलेला वेगळा देतो. घरातले सगळे कागद तो तेव्हाच शोधायला घेतो.

नोटिशीतला दुसरा रोग म्हणजे आधीच दिलेला निकाल. 'आपण काळाबाजार केल्याचे सिद्ध झाले आहे, तरी खुलासा करावा.' सिद्ध झालं असेल तर खुलासा कशाचा? ओरिक्स फिशरीज प्रकरण मी आमच्या कार्यालयात पुष्कळांना वाचायला दिलं. सागरी उत्पादनं निर्यात करणाऱ्या कंपनीचं नोंदणी प्रमाणपत्र रद्द झालं होतं, आणि सदोष माल पाठवल्याचं निःसंशय सिद्ध झालं आहे अशी भाषा मुळातल्या नोटिशीतच होती. २०१० मध्ये न्या. गांगुली यांनी त्यावर नेमकं बोट ठेवलं : नोटीस काढणाऱ्याचं मन आधीच बंद असेल, तर पुढची सगळी प्रक्रिया देखाव्यापुरती उरते. नोटीसही गेली, आदेशही गेला. आमच्याकडे मसुदे बहुधा जुन्या फायलींवरून उतरवले जातात. एका फायलीतला 'सिद्ध झाले आहे' हा शब्दप्रयोग वर्षानुवर्षं पुढच्या फायलींत जात राहतो. त्यामागे कुणाचा वाईट हेतू असतोच असं नाही, पण त्यापायी एखाद्याचं दुकान जातं.

सुनावणीबद्दल थोडं. ती ज्याने घ्यायची, त्यानेच निर्णय द्यायचा, ही साधी गोष्ट सर्वोच्च न्यायालयाने आंध्रातल्या बस मार्गांच्या गुल्लापल्ली नागेश्वर राव प्रकरणात १९५८ मध्येच सांगून ठेवली. आमच्या खात्यात मात्र सुनावणी आणि आदेश यांच्या मध्ये बदली येते. एक साहेब ऐकून गेले, फाइल निकालासाठी बंद झाली, नवे साहेब रुजू झाले आणि त्यांनी रोजनामा वाचून सही केली. रोजनाम्यात काय असतं? 'दुकानदार हजर. म्हणणे ऐकले. प्रकरण निकालासाठी बंद.' माणूस काय बोलला, त्याचा आवाज कुठे अडखळला, कुठल्या प्रश्नाला त्याने उत्तर टाळलं, यातलं काहीच त्या ओळीत नाही. नव्या साहेबांनी पुन्हा एक तारीख द्यावी, एवढं पुरतं. ज्या अधिकाऱ्यांनी तसं केलं त्यांचे आदेश अपिलात क्वचितच हलले.

यापेक्षा नाजूक गोष्ट म्हणजे वरून येणारा फोन. अमुकचं दुकान काढा, किंवा अमुकचं राहू द्या. यावर सांगण्यासारखा निकाल आपल्या मुंबईचाच आहे. गोरधनदास भानजी यांना अंधेरीत सिनेमागृह बांधायचं होतं. पोलीस आयुक्तांनी १९४७ च्या जुलैत परवानगी दिली आणि सप्टेंबरात एका पत्राने ती रद्द केली. पत्रात लिहिलं होतं, की सरकारच्या निर्देशावरून आपणास कळवण्यात येतं. नियमांनी अधिकार दिला होता आयुक्तांना, आणि निर्णय घेतला होता दुसऱ्याने. १९५१ मध्ये न्या. विवियन बोस यांनी सांगितलं, की ज्याला अधिकार आहे त्यानेच स्वतःच्या बुद्धीने तो वापरला पाहिजे. आणि सार्वजनिक आदेशाचा अर्थ त्यातल्या शब्दांवरूनच लावायचा, आपल्या मनात काय होतं हे अधिकाऱ्याने मागाहून सांगून चालायचं नाही. हाच विचार पुढे न्या. कृष्ण अय्यर यांनी मोहिंदर सिंग गिल प्रकरणात उचलला, आणि आज जिल्ह्याजिल्ह्यांतले वकील तो सरकारी आदेशांविरुद्ध वापरतात. आदेशात कारणं लिहिली नाहीत आणि उच्च न्यायालयात प्रतिज्ञापत्र करताना ती भरली, तर ती मोजली जात नाहीत. एका तरुण जिल्हा पुरवठा अधिकाऱ्यांना मी हे प्रकरण सांगितलं. फोन आला की आता ते म्हणत, "साहेब, तक्रार लेखी पाठवा, मी तपासून घेतो." लेखी तक्रारी फारशा आल्या नाहीत.

काही अधिकारी मला विचारत, "मॅडम, दुकानातला माल रात्री टेम्पोत भरताना पोलिसांनी पकडलाय. त्याला ऐकून काय वेगळं निघणार?" प्रश्न खोटा नाही. १९८० साली एस. एल. कपूर विरुद्ध जगमोहन या निकालात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं होतं, की न ऐकणं हाच स्वतंत्र अन्याय आहे. ऐकलं असतं तरी निकाल तोच लागला असता, हे म्हणणं ज्याने ऐकलं नाही त्याच्या तोंडी शोभत नाही. त्यानंतर न्यायालयं थोडी सावध झाली. २०२० च्या सुधीर कुमार सिंग निकालात त्यांनी म्हटलं, की न ऐकल्यामुळे प्रत्यक्ष नुकसान काय झालं तेही पाहावं लागेल आणि जिथे वस्तुस्थितीबद्दल वादच नाही, तिथे नुसत्या प्रक्रियेच्या त्रुटीवर आदेश मोडू नये. मला हे रास्त वाटतं. पण 'वाद नाही' हे ठरवायचं कुणी? टेम्पोतला माल त्याच दुकानातला होता का, दुकानदार स्वतः तिथे होता की त्याचा नोकर, किल्ली कुणाकडे होती, या गोष्टी विचारल्यावाचून वाद नाही असं कुणालाही म्हणता येत नाही. ज्या दिवशी माल पकडला, त्याच दिवशी दुकान निलंबित करा, याला कुणी हरकत घेतलेली मी पाहिली नाही. लोकांचं धान्य वाचवायचं तर तेवढी घाई हवीच. पण निलंबनानंतर सुनावणी आठवड्यात लागावी. ती महिनोन्‌महिने लागत नाही, आणि तात्पुरतं म्हणून केलेलं निलंबन हीच शिक्षा होऊन बसते.

जबाबांबद्दल बोलायलाच हवं, कारण सगळ्यांत जास्त पडझड तिथे होते. निरीक्षक गावात जातात, चावडीत बसतात, एक मजकूर तयार होतो आणि त्याखाली एकेक कार्डधारक अंगठा देतो. फाइल उघडावी तर सगळे जबाब एकाच शब्दांत, फक्त नाव आणि कार्ड क्रमांक वेगळा. दुकानदाराला त्यांची प्रत मिळत नाही. अपिलात त्याचा वकील पहिल्या पाच मिनिटांत हे दाखवतो.

एका प्रकरणात अगदी असंच झालं. दुकानदार मापात मारत होता याबद्दल गावात कुणाच्या मनात शंका नव्हती. आदेश झाला, पण जबाब छापील, प्रती दिलेल्या नाहीत, खुलाशावर एक शब्द नाही. अपिलात आदेश रद्द झाला, प्रकरण फेरचौकशीसाठी जिल्ह्याला परत गेलं आणि दुकान तोवर त्याच माणसाकडे. तक्रार करणाऱ्यांत एक आजी होत्या, अंत्योदय कार्डाच्या. आदेश फिरल्यानंतरच्या महिन्यात त्यांना धान्य सर्वांत शेवटी मिळालं, असं त्यांच्या सुनेने मला नंतर सांगितलं.

फेरचौकशीला आलेल्या नव्या पुरवठा अधिकारी बाईंनी काम अगदी पहिल्यापासून हाती घेतलं. ई-पॉस मशीनच्या व्यवहारांवरून त्यांनी कार्डवार तक्ता केला : कार्ड क्रमांक, तारीख, मशीनवर दाखवलेलं वजन, कार्डधारकाने सांगितलेलं वजन. हा तक्ता नोटिशीला जोडला. खुलाशाला पंधरा दिवस दिले. कार्डधारकांना तहसील कचेरीत बोलावलं ते आठवडी बाजाराच्या दिवशी, म्हणजे कुणाची मजुरी बुडू नये. दुकानदाराच्या वकिलाला प्रश्न विचारू दिले. वकिलाने आजींना विचारलं, पावती नसताना किती धान्य मिळालं हे कशावरून सांगता? आजी वकिलाकडे वळल्याच नाहीत, दुकानदाराकडे बघून म्हणाल्या, "पावती मागितली तेव्हा मशीनमधला कागद संपलाय म्हणालास. चार महिने कागद संपलेलाच होता व्हय रं?" दुकानदाराने मान खाली घातली. बाईंनी दोघांचंही बोलणं रोजनाम्यात शब्दशः उतरवलं आणि त्याच्या खाली दुकानदाराची सही घेतली.

त्यांचा आदेश मी वाचला तेव्हा खुलाशातला एकेक मुद्दा घेऊन त्याला उत्तर दिलेलं दिसलं. नोंदवही अपुरी असल्याचा आरोप त्यांनी सोडून दिला होता, कारण वही तहसील कचेरीतच अडकून पडली होती हे दुकानदाराचं म्हणणं त्यांना खरं आढळलं. कमी वजनाचा आरोप कार्डानिहाय सिद्ध धरला होता आणि तेवढ्यावर प्राधिकारपत्र रद्द केलं होतं. अपिलात वकिलांनी सुरुवात नैसर्गिक न्यायापासूनच केली. उपायुक्त साहेबांनी रोजनामा त्यांच्यापुढे सरकवला आणि प्रत्येक तारखेखालची अशिलाची सही दाखवली. वकिलांनी मग शिक्षा कमी करण्याची विनंती केली, तीही मान्य झाली नाही. मंत्रालयात पुनरीक्षण अर्ज फेटाळला गेला. जाहीरनामा निघाला आणि दुकान गावातल्या महिला बचत गटाला मिळालं. आजींच्या पहिल्या तक्रारीपासून इथवर यायला तीन वर्षं लागली, आणि त्यातली निम्म्याहून अधिक त्या पहिल्या दोन पानी आदेशापायी गेली.